न सांगता कळत नाही

नवरा-बायकोचं कडाक्याचं भांडण झालं तर भिंतीपलीकडे ऐकू जातं आणि कुणीतरी मध्ये पडतं. पण ज्या घरात आवाज चढत नाही, दार आपटत नाही आणि तरीही दोघांमध्ये काहीतरी अडलेलं असतं, तिथे मध्ये पडायला कुणी येत नाही. कारण बोलणं चालूच असतं. गॅस नोंदवायचा आहे, मुलीची फी भरायची आहे, आईंच्या बीपीच्या गोळ्या संपल्यात, रविवारी कुणाच्या तरी लग्नाला जायचं आहे. कामाचं सगळं बोललं जातं, त्यामुळे बाहेरून संसार सुरळीत दिसतो. आतून मात्र एकाला वाटत असतं की आपली कुणाला पर्वा नाही, आणि दुसऱ्याला वाटत असतं की काहीही केलं तरी समोरच्याच्या कपाळावर आठ्या आहेतच. असं महिनोन् महिने चालतं, काही घरांत वर्षानुवर्षं चालतं. मारहाण, धाक किंवा छळ असलेल्या संसाराचे प्रश्न वेगळे आहेत आणि त्यांच्याबद्दल पुढे वेगळं सांगितलं आहे. हा लेख मुख्यतः अशा दोघांसाठी आहे जे स्वभावाने बरे आहेत, एकमेकांचं वाईट चिंतत नाहीत आणि तरीही दूर गेले आहेत.

असं अंतर पडलं की प्रेम आटलं असं मानायची आपली पद्धत आहे. मला ते पटत नाही. बहुतेक घरांत प्रेम आटण्याच्या कितीतरी आधी एक समजूत घट्ट बसलेली असते: इतकी वर्षं सोबत राहिल्यावर माझ्या मनातलं जोडीदाराला न सांगता कळायला हवं. एकदा ही समजूत धरली की पुढचं सगळं आपोआप घडतं. कळलं नाही याचा अर्थ ‘लक्ष नाही’ असा लागतो, लक्ष नाही याचा अर्थ ‘किंमत नाही’ असा लागतो, आणि ज्याला किंमत नाही त्याच्यापुढे तोंड उघडणं कमीपणाचं वाटू लागतं. मग माणूस गप्प बसतो. समोरच्याला त्या गप्प बसण्याचं कारण ठाऊक नसतं, म्हणून तो स्वतःच्या मनाने एक कारण लावतो आणि तोही आखडतो. दोघंही दुखावलेले, दोघंही वाट पाहणारे, आणि पहिलं पाऊल दुसऱ्याने टाकावं अशी दोघांचीही अपेक्षा.

ही समजूत चुकीची आहे याला पुरावा आहे. अमेरिकेतल्या विल्यम्स कॉलेजचे मानसशास्त्रज्ञ केनेथ सॅव्हिट्स्की आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2011 मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला. त्यात 24 विवाहित जोडपी होती. दोन-दोन अर्थ निघू शकतील अशी रोजच्या वापरातली साधी वाक्यं एकाने बोलायची आणि ऐकणाऱ्याने त्यातला नेमका हेतू ओळखायचा, असा खेळ होता. ऐकणारा कधी स्वतःचा जोडीदार असे, कधी परका माणूस. परक्यांना जितकं कळलं तितकंच नवऱ्याला किंवा बायकोला कळलं. पण बोलणाऱ्यांची खात्री मात्र अशी होती की परक्यापेक्षा आपल्या माणसाला आपलं जास्त कळलं असणार. ‘आज फार उकडतंय’ असं एखादी म्हणते तेव्हा तिला पंखा वाढवायला हवा असेल, स्वयंपाकातून सुटका हवी असेल, किंवा ‘आज बाहेर जाऊ या’ असंही म्हणायचं असेल. सहवासामुळे माणूस आपल्या मनातलं कमी बोलतो, कारण त्याला वाटतं की समोरच्यापर्यंत ते पोचलेलंच आहे. परक्यापुढे आपण फोड करून सांगतो. घरच्या माणसापुढे अर्धं वाक्य टाकतो आणि उरलेलं त्याने भरून काढावं अशी अपेक्षा धरतो.

यावर कुणी म्हणेल, प्रयोगशाळेतल्या वाक्यांचं सोडा, पंधरा वर्षांच्या संसारात माणूस माणसाला ओळखतोच. ओळखतो, पण काय ओळखतो ते पाहायला हवं. चहात साखर किती, राग आला की कुठे जाऊन बसतो, कोणत्या नातेवाईकाचं नाव काढलं की चेहरा उतरतो, या सवयी आपल्याला पाठ असतात. आज तो गप्प का आहे, हे सवयींवरून कळत नाही. शिवाय ही ओळख जुनी होत जाते. अठ्ठाविसाव्या वर्षी जिची ओळख झाली ती बाई त्रेचाळिसाव्या वर्षी तीच राहत नाही. तिचे आईवडील थकलेले असतात, शरीर बदललेलं असतं, नोकरीबद्दलच्या इच्छा बदललेल्या असतात. नवऱ्याचंही तेच. जुन्या माहितीवर विसंबून आपण आजच्या माणसाशी वागतो आणि मग उत्तर चुकतं.

घरकामाचं उदाहरण घेऊ, कारण न बोललेल्या तक्रारींचा सगळ्यात मोठा साठा तिथेच असतो. मानसशास्त्रज्ञ मायकेल रॉस आणि फिओरे सिकोली यांनी 1979 मध्ये कॅनडात 37 जोडप्यांना घरातल्या वेगवेगळ्या कामांतला स्वतःचा वाटा किती ते दाखवायला सांगितलं. दोघांनी सांगितलेल्या वाट्यांची बेरीज बहुतेक जोडप्यांत पूर्णापेक्षा जास्त भरली. कुणी खोटं बोलत नव्हतं. आपण केलेलं काम आपल्याला पूर्ण आठवतं, दुसऱ्याने केलेल्यातलं डोळ्यांपुढे आलेलं तेवढंच आठवतं. त्यामुळे दोघांनाही प्रामाणिकपणे वाटू शकतं की घर आपल्यामुळे चाललं आहे. पण एवढ्यावर थांबलं तर आपल्याकडच्या बायकांवर अन्याय होईल. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाच्या 2019 च्या वेळ-वापर सर्वेक्षणात घरातली बिनपगारी कामं करणाऱ्या बायकांची दिवसाला सरासरी 299 मिनिटं त्यात जात होती आणि तीच कामं करणाऱ्या पुरुषांची 97 मिनिटं. म्हणजे भारतीय घरात हा नुसता नजरेचा खेळ नाही, वाटप खरोखरच विषम आहे. शिवाय लक्षात ठेवण्याचं काम कोणत्याच हिशेबात येत नाही: डबा कुणाचा, लस कधीची, पाहुणे किती, डाळ संपत आली का. ते दिसत नाही म्हणून त्याची दखल घेतली जात नाही, आणि ज्याची दखल नाही त्याचं ओझं मनात साठतं. म्हणून या विषयावर बोलताना ‘तू काहीच करत नाहीस’ या वाक्याने सुरुवात करू नका, ते कुणालाच पटणार नाही. एका आठवड्याची सगळी कामं, लक्षात ठेवायची धरून, दोघांनी मिळून कागदावर उतरवा आणि मग त्यातली कोणती पूर्णपणे हलवता येतील ते ठरवा. ‘मदत करतो’ म्हणणारा नवरा सांगितलेलं काम करतो. ज्याच्याकडे काम सोपवलं आहे तो ते आठवणीसकट उचलतो. बायकोला हलकं वाटतं ते दुसऱ्या प्रकारात.

अंतर मोठ्या घटनांनी पडतं असं वाटतं, पण अभ्यास लहान गोष्टींकडे बोट दाखवतात. अमेरिकेत सिएटलच्या वॉशिंग्टन विद्यापीठात मानसशास्त्रज्ञ जॉन गॉटमन यांनी नवविवाहित जोडप्यांचं वागणं चित्रित करून अनेक वर्षं त्यांचा पाठपुरावा केला. दिवसभरात माणूस जोडीदाराला कितीतरी छोट्या हाका देतो: ‘हे बघ ना’, ‘आज ऑफिसात काय झालं माहितेय’, किंवा नुसता एक सुस्कारा. सहा वर्षांनंतर जी जोडपी एकत्र होती त्यांनी अशा हाकांना 86 टक्के वेळा प्रतिसाद दिलेला होता; ज्यांचा घटस्फोट झाला त्यांनी 33 टक्के वेळा. हातातल्या मोबाइलवरून नजर न उचलता ‘हं’ म्हणणं त्या क्षणी कुणालाच गुन्हा वाटत नाही. पण हाक देणारा प्रत्येक वेळी थोडं शिकतो, आणि शेवटी हाक देणंच सोडतो. त्यानंतर घरात शांतता असते आणि तिला समजूतदारपणा समजलं जातं. गॉटमन आणि त्यांचे सहकारी रॉबर्ट लेव्हन्सन यांच्या दीर्घ पाठपुराव्यात आणखी एक गोष्ट दिसली. कडवट भांडणारी जोडपी लग्नानंतर लवकर वेगळी होत होती. जी भांडत नव्हती पण ज्यांच्यात हसणं, कुतूहल, जिव्हाळाही उरला नव्हता, ती बऱ्याच वर्षांनी वेगळी होत होती. ‘आमचं कधी भांडणच होत नाही’ असं अभिमानाने सांगणाऱ्यांनी हे जरूर मनावर घ्यावं.

इथे पहिला मोठा आक्षेप येतो, आणि तो घरातल्या वडीलधाऱ्यांकडूनच येतो: आमच्या पिढीत कुठे होती ही मनमोकळी बोलणी? संसार झालेच ना? झाले, पण त्या बायकांना सांगण्यासारखं काही नव्हतं असं मात्र नाही. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांतून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. त्यांची संख्या एक लाखाच्या वर आहे. सासर, माहेर, नवरा, कष्ट, एकटेपणा, सगळं त्यांत आहे. म्हणजे बोलणं होतं आणि भरपूर होतं. ते जात्यापाशी होतं, सोबतिणींपाशी होतं, नवऱ्यापर्यंत जात नव्हतं. आता जातं गेलं, आळीतल्या सोबतिणी गेल्या, एकत्र कुटुंबातली जाऊ-नणंद गेली. पुण्यातल्या किंवा नाशिकच्या दोन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये ऐकायला एकच प्रौढ माणूस उरला आहे. पुरुषांचा पारही गेला. पूर्वी ज्या गरजा दहा माणसांत वाटल्या जात होत्या त्या आज एकाच माणसाकडून पुऱ्या व्हायच्या आहेत, म्हणून आजच्या जोडप्याला आजी-आजोबांपेक्षा जास्त बोलावं लागतं.

दुसरा आक्षेप जास्त खोल आहे: मागून मिळालेल्या प्रेमाला काय अर्थ? मी सांगितल्यावर त्याने गजरा आणला तर तो माझाच गजरा झाला. ही भावना खरी आहे आणि तिची थट्टा करू नये. पण यात दोन गोष्टी एकत्र बांधल्या गेल्या आहेत. अल्बर्ट एलिस यांनी 1955 च्या सुमारास जी विवेकनिष्ठ उपचारपद्धती मांडली, आणि जी मराठी वाचकांना अंजली जोशी यांच्या ‘मी अल्बर्ट एलिस’ या कादंबरीमुळे परिचयाची आहे, तिचा गाभा हाच आहे की इच्छा आणि अट्टहास वेगळे करावेत. ‘त्याच्या आपणहून लक्षात आलं तर मला फार आवडेल’ ही इच्छा आहे, ती जरूर ठेवावी. ‘त्याच्या आपणहून लक्षात आलंच पाहिजे, नाहीतर त्याचं प्रेमच नाही’ हा अट्टहास आहे, आणि यातला दुसरा भाग पुराव्याशिवाय काढलेला निष्कर्ष आहे. सांगितल्यावर जो माणूस ऐकतो, लक्षात ठेवतो आणि पुढच्या वेळी न सांगता करतो, त्याचं प्रेम कमी प्रतीचं कसं? बिनपर्वा असता तर सांगूनही त्याने केलं नसतं.

‘बोललं की वाढतं’ हा तिसरा आक्षेप, आणि तो अनुभवातून आलेला असल्यामुळे त्याचं उत्तर कृतीतच द्यावं लागेल. बोललं की वाढतं हे बऱ्याचदा खरं असतं, कारण बोलण्याची सुरुवात चुकते. गॉटमन आणि सिबिल कॅरेर यांनी 1999 मध्ये 124 नवविवाहित जोडप्यांच्या वादग्रस्त विषयावरच्या संभाषणाची फक्त पहिली तीन मिनिटं तपासली, आणि तेवढ्यावरून पुढे कोण वेगळं होण्याची शक्यता जास्त आहे हे ओळखता आलं. म्हणून पहिल्या वाक्यावर मेहनत घ्या. ‘तुम्हाला माझ्यासाठी कधी वेळच नसतो’ या वाक्यात समोरच्याला फक्त बचाव करता येतो. त्याऐवजी: ‘काल डॉक्टरांकडे मी एकटीच गेले. रिपोर्ट हातात घेताना भीती वाटली. पुढच्या मंगळवारी तुम्ही सोबत याल का?’ यात घडलेली एक गोष्ट आहे, तिने काय वाटलं ते आहे, आणि हो किंवा नाही म्हणता येईल अशी विनंती आहे. नवऱ्याच्या बाजूनेही तसंच. ‘तुला फक्त हप्ता गेला का एवढंच कळतं’ याऐवजी ‘दोन महिने कंपनीत माणसं कमी करतायत, मला झोप लागत नाही. उपाय नको सुचवूस, फक्त दहा मिनिटं ऐक.’ एका वेळी एकच विषय ठेवा. ‘नेहमी’ आणि ‘कधीच’ हे शब्द गाळा, आणि एकमेकांच्या घरच्यांना, आईवडिलांना यात ओढू नका. तिथे गेलेलं बोलणं परत येत नाही.

वेळ आणि जागा हा आपल्या घरांतला खरा अडसर आहे, आणि परदेशी पुस्तकांत तो सापडत नाही. सासूसासरे बाहेरच्या खोलीत, मुलं त्याच पलंगावर, पातळ भिंती. दोघांना मोकळं बोलायला घरात कोपरा नसेल तर घराबाहेर शोधावा लागेल. जेवणानंतरची शतपावली सगळ्यात सोपी. शेजारी-शेजारी चालताना नजरेला नजर द्यावी लागत नाही, त्यामुळे अवघड गोष्ट काढणं थोडं सोपं जातं. दमून दारात पाऊल टाकल्याबरोबर किंवा रात्री साडेअकराला विषय काढू नका. आधी विचारा: ‘एक बोलायचं होतं, आज जेवणानंतर चालेल का?’ नवरा आखातात किंवा जहाजावर असेल, बायको रत्नागिरीला किंवा सांगलीला असेल, तर रोजच्या कॉलमध्ये पैसे, मुलं आणि म्हातारी माणसं एवढंच येतं. तिथे आठवड्यातला एक कॉल या सगळ्यांशिवायचा ठरवून घ्यावा.

समोरचा बोलतच नसेल तर? मानसशास्त्रज्ञ अँड्र्यू क्रिस्टेन्सन आणि ख्रिस्तोफर हेवी यांनी 1990 पासून याच नमुन्याचा अभ्यास केला: एकजण मागे लागतो, दुसरा मागे सरतो, जितकं मागे लागावं तितकं तो सरतो. बायका मागे लागतात आणि पुरुष गप्प होतात हे चित्र बरंच खरं आढळलं, पण विषय नवऱ्याला हवा असलेल्या बदलाचा असला की हा फरक मावळतो. थोडक्यात, ज्याला बदल हवा तो बोलतो, ज्याला आहे ते सोयीचं आहे तो गप्प राहतो. गप्प बसणाऱ्याने स्वतःला हा प्रश्न विचारायला हवा की आपल्या मौनामुळे कुणाची सोय होते आहे. काही जण मात्र सोयीसाठी गप्प बसत नाहीत, ते आतून भरून आलेले असतात. वादात हृदयाचे ठोके मिनिटाला शंभराच्या वर गेले की समोरच्याचं नीट ऐकूच येईनासं होतं. अशा वेळी थांबणं योग्य, पण थांबणं सांगून असावं: ‘मला आत्ता सुचत नाहीये, अर्ध्या तासाने बोलू.’ शरीर निवायला निदान वीस मिनिटं लागतात. आणि अर्ध्या तासाने ज्याने वेळ मागितली त्यानेच परत यावं. न सांगता उठून जाणं आणि सांगून उठणं यांतला फरक मागे बसलेल्या माणसाला रात्रभर भोगावा लागतो.

तोंडून निघतच नसेल त्यांनी लिहून पाहावं. शिकागोजवळच्या नॉर्थवेस्टर्न विद्यापीठातले एली फिंकेल यांनी 2013 मध्ये 120 जोडप्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यातल्या निम्म्या जोडप्यांना अभ्यासाच्या दुसऱ्या वर्षी तीन वेळा, दर वेळी सात मिनिटं, आपल्यातला एखादा वाद दोघांचंही भलं चिंतणाऱ्या तिऱ्हाइताच्या नजरेतून लिहायला सांगितलं. बाकीच्या जोडप्यांचं समाधान घसरतच गेलं, यांचं घसरणं थांबलं. वर्षाला एकवीस मिनिटं कुणाकडेही असतात. लिहिताना स्वतःच्या बाजूने वकिली होते आहे असं वाटलं तर तो कागद बाजूला ठेवून पुन्हा सुरुवात करा.

सगळेच प्रश्न बोलून सुटतील असंही नाही. गॉटमन यांच्या नोंदींनुसार जोडप्यांतले 69 टक्के वाद कायमचे असतात. स्वभावातून आलेले, फिरून फिरून येणारे. एकाला माणसं हवीत, एकाला एकांत. एक खर्चिक, एक जपून चालणारा. अशा विषयावर निकाल लावायचा आग्रह सोडून, दुसऱ्याला ते महत्त्वाचं का वाटतं एवढं विचारलं तरी ताठरपणा कमी होतो. मुलांसाठी गप्प बसतो, असं म्हणणाऱ्यांना एक सांगायला हवं. मानसशास्त्रज्ञ मार्क कमिंग्ज यांच्या अभ्यासात दिसलं आहे की आईवडिलांचा न बोललेला रागही मुलांना कळतो आणि तो त्यांना त्रास देतो. वाद मिटलेला पाहिला की मुलं सावरतात. मुलांपासून लपवण्यापेक्षा त्यांच्यासमोर मिटवणं चांगलं.

आता सुरुवातीला बाजूला ठेवलेला भाग. मारहाण, धाक, शिक्षा म्हणून दिवसेंदिवस न बोलणं, पैसे अडवणं, फोन तपासणं, चारचौघांत अपमान करणं, हे अंतर नव्हे, हा छळ आहे. तिथे वरचे उपाय लागू नाहीत, आणि ‘मीच नीट बोलले नसेन’ असा दोष स्वतःकडे घेऊ नका. 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार प्रतिबंधक कायद्यात शाब्दिक, भावनिक आणि आर्थिक छळ हिंसाचारातच धरला आहे. महिला हेल्पलाइनचा क्रमांक 181. जोडीदाराची झोप-भूक दोन आठवड्यांहून अधिक काळ बिघडली असेल, कशातच रस उरला नसेल, तर तो अबोला नैराश्याचा असू शकतो. त्यासाठी सरकारच्या टेली-मानस सेवेच्या 14416 या क्रमांकावर मराठीतही बोलता येतं. कौटुंबिक न्यायालयांत विवाह समुपदेशक असतात, पण तिथवर जाण्याआधीच चांगल्या समुपदेशकाकडे गेलेलं बरं. एकाला जायचं नसेल तर दुसऱ्याने एकट्याने जावं. एकाचं वागणं बदललं की दुसऱ्याला जुन्याच पद्धतीने उत्तर देणं अवघड होतं.

ज्यांना हे सगळं आपल्या घराचं वाटलं त्यांनी लग्नाच्या वाढदिवसाची किंवा सुट्टीची वाट पाहू नये. सगळ्यात जुनं दुखणं आधी काढू नका, ते जड जाईल. याच आठवड्यातली एक लहानशी गोष्ट निवडा, ती सांगायला लाज वाटावी इतकी लहान असली तरी चालेल. एका वाक्यात सांगा, हवं ते स्पष्ट मागा, आणि उत्तर यायला वेळ लागला तर मध्येच बोलू नका. मग जोडीदाराची अशीच एखादी गोष्ट विचारा आणि ऐकून घ्या.